थिरमामांची पऱ्हाटीची काडी

कोणाच्याही घरी चालू टीव्ही किंवा कॉम्प्युटर दिसला की थिरमामांचा हात आधी खिशाकडे जायचा. सदऱ्याच्या खिशात पेनाशेजारी पऱ्हाटीची, म्हणजे कापसाच्या झाडाची, एक वाळकी, साल काढून गुळगुळीत केलेली काडी असायची. ती पडद्यापुढे धरून ते पंख्यासारखी भराभर हलवत, मान थोडी वळवत आणि डोळ्याच्या कोपऱ्यातून बघत. मग निकाल यायचा, "हलून राह्यला" किंवा "थिर हाय". समोर चहा निवत असो, बातम्या लागलेल्या असोत, की घरात पाहुणे बसलेले असोत, निकाल लागेपर्यंत मामा टेकत नसत. नवा रंगीत टीव्ही आणलेल्या घरी जाऊन त्यांनी "हलून राह्यला" म्हटल्यामुळे आमच्या गल्लीत एकदा भांडणही झालं होतं.

काडी नंतर आली, नाव त्याच्या आधीचं. मामा दारव्ह्याच्या बाजार समितीत कापसाच्या काट्यावर होते. गाडी काट्यावर चढली की सुई थरथरते, पुढे जाते, मागे येते आणि कुठेतरी थांबते. ती पूर्ण थांबल्याशिवाय मामा पेन उचलत नसत. "काटा थिर होऊ द्या" हे वाक्य ते दिवसभर इतक्या वेळा म्हणत, की शेवटी लोकांनी त्यातला एक शब्द उचलला आणि त्यांना लावून दिला. ते आमचे नात्यातले कोणी नव्हते. विहाराच्या मागच्या गल्लीत आमची दोन घरं सोडून राहत, एवढंच. पण आई त्यांना भाऊ म्हणायची, म्हणून ते मामा.

या सवयीचा बाहेर फार जाच होता. आठवडी बाजारात मिरच्या घ्यायला मामांसोबत जायला कोणी तयार नसे. भाजीवालीची तागडी हातात डोलत असेपर्यंत ते पिशवी पुढे करत नसत. ते लांबून येताना दिसले की बाया म्हणत, "थिरमामा आले वं, आता बजार उद्याच उठते." मामा हसत. त्यांना या थट्टेचा थोडा अभिमानच होता.

काट्यावर मात्र ही थट्टा नव्हती. कापसाचा भाव कोसळत चालला होता ती वर्षं. पेपरात रोज आमच्या जिल्ह्याचं नाव असायचं आणि ते कशासाठी असायचं हे आम्हा पोरांनाही पाठ झालं होतं. अशा हंगामात काट्यावरची सुई थांबण्याआधी लिहिलेला आकडा म्हणजे कोणाच्या तरी घरातून उचललेला घास होता. एका व्यापाऱ्याचा माणूस एकदा मामांच्या मागे लागला. "मामा, लिहा ना आता. एवढ्यातेवढ्यानं काय होते?"

"मले कायले विचारतं? काट्याले विचार. तो अजून बोलला नाही," मामा म्हणाले.

रांगेतले शेतकरीही चिडले होते. "मामा, बैलं उपाशी हायत जी," असं एकाने ओरडून सांगितलं. मामांनी त्यालाही तेच उत्तर दिलं. ज्यांच्यासाठी ते थांबत होते त्यांच्याच शिव्या खात ते थांबले, आणि सुई थांबल्यावरच त्यांनी लिहिलं. त्यानंतर लवकरच त्यांना काट्यावरून काढून फाटकावर आवक-पावत्या फाडायला बसवलं गेलं.

मी तेव्हा नववीत होते आणि पेटून उठले होते. आमच्या घरात देव नव्हते, पत्रकं होती. बाबा शिंपी होते आणि पत्रकं लिहीत. कपड्यांच्या चिंध्या आणि पत्रकांचे गठ्ठे यांच्या मधल्या जागेत मी अक्षर ओळखायला शिकले. मी वाचलेला पहिला शब्द "निषेध" होता असं आई सांगते. मी मामांकडे जाऊन म्हणाले, "मामा, तुमच्यावर पत्रक काढू. अन्याय झाला तुमच्यावर."

"पत्रकात मी मोठा होईन, अन् काट्यावर दुसरा बसला तो तसाच लिहीन," मामा म्हणाले. "काढाचंच असन तं काट्यावर काढ. माह्यावर नोको." तेव्हापासून मला ते "पत्रकवाली" म्हणू लागले.

मामांना एकच मुलगी, निमा. माझ्याहून लहान, दातांवर दात, आणि बोलायला लागली की थांबायची नाही. मामांनी तिच्यासाठी एक जुना कॉम्प्युटर आणला होता. गावातला एक क्लास बंद पडला तेव्हा तिथली यंत्रं विकली गेली, त्यातला. त्यात एक जुना गेम होता, गाव वसवायचा. रिकाम्या माळावर रस्ते ओढायचे, विहिरी खोदायच्या, शाळा-दवाखाना बांधायचा, मग छोटी छोटी माणसं राहायला येतात. पाणी आटलं की तीच माणसं बोचकी उचलून निघून जातात. निमा आधी विहीर खोदायची, मग शाळा, आणि बाजार सगळ्यात शेवटी. मामा मागे खुर्ची टाकून बघत बसत. फाटकावरून आलेला माणूस त्या माळावर येऊन जरा मोकळा व्हायचा असं मला वाटतं.

मग तो कॉम्प्युटर बिघडला. दुरुस्त करायला आलेल्या पोराने त्यात नवी विंडोज टाकली. बाकी सगळं सुधारलं, पण निमाचा गेम सुरू केला की पडदा लुकलुकायला लागायचा. फार नाही. समोरून बघितलं तर कोणाला कळायचंही नाही, पण डोळे दुखायचे. आणि त्या पडद्यासमोर एका दुपारी निमाला पहिल्यांदा मिरगी आली.

गल्ली गोळा झाली. कोणी कांदा फोडला, कोणी चप्पल नाकाला लावली. मी ओरडून भांडले, ते हुंगवणं थांबवा म्हणून. मामांनी तिला फक्त कुशीवर वळवलं आणि हात तिच्या डोक्याखाली ठेवून बसून राहिले. ती थिर होईपर्यंत.

यवतमाळच्या डॉक्टरांनी गोळ्या सुरू केल्या. त्या चुकवायच्या नाहीत, झोप पूर्ण हवी, आणि लुकलुकणारं काही डोळ्यांपुढे नको, एवढं सांगितलं. घरी आल्यावर मामींनी कॉम्प्युटरवर चादर टाकली. "उद्या उचलून न्या हे," त्या म्हणाल्या. शेजारणींचंही तेच मत होतं. एकीने पुढचंही सांगून टाकलं की अशा पोरीला सायकल देऊ नये, विहिरीवर पाठवू नये. शाळेच्या हेडमास्तरांनी निरोप धाडला की जबाबदारी कोण घेणार, तूर्त घरीच ठेवा.

मामा त्या दिवशी मामींवर चिडले नाहीत. मी तिथेच होते, म्हणून मला त्यांचं बोलणं आठवतं. "आज कॉम्पुटर काढला तं काढू. पन मंग उद्या सायकल काढान, परवा शाळा. मंग या पोरीपाशी राह्यते काय? चूल अन् भित. मले आधी पाहू दे, हलते ते काय हाय. दोष त्याचाच असन तं मीच फेकतो."

मामी रडत म्हणाल्या, "पोरीचा जीव हाय जी तो. वजन नाही करून राह्यले तुमी."

"मले हेच येते," मामा म्हणाले.

आता आमच्याकडे काहीही हललं, विझलं, जळलं, तर दोष कोणाचा हे विचारायची गरज नसते. लाइटीचा. दिवसाचा मोठा भाग लाइट नसायची आणि असायची तेव्हा बल्ब कधी पिवळा तर कधी पांढराफटक. त्यामुळे पडदा लाइटीनेच हलतो यावर सगळ्या गल्लीचं एकमत झालं. मामांचंही. त्यांनी स्टॅबिलायझर आणला. अंगणात अर्थिंगचा खड्डा नव्याने खणून त्यात मीठ-कोळसा टाकला आणि रोज सकाळी त्या खड्ड्याला रोपट्यासारखं पाणी घातलं. "बाप्पा, तिथं काय उगवून राह्यलं?" असं शेजारी विचारत. मामांनी घरातला दुसरा एकेक दिवा बंद करून पाहिला. पडदा हलतच राहिला.

इकडे बाबांनी पत्रक लिहिलं. मथळा होता, 'लाइटीने आमच्या लेकीला पाडले'. फार जोरदार पत्रक होतं ते. मी विहारात ते वाचून दाखवलं तेव्हा लोकांच्या मुठी वळल्या. वीज कार्यालयावर मोर्चा न्यायचं ठरलं. निमाचं नाव पत्रकात दोन ठिकाणी होतं. गठ्ठा छापून घरी आला आणि मी घड्या घालायला बसले.

मामांचं मात्र समाधान होत नव्हतं. गावातल्या फोटो स्टुडिओत इन्व्हर्टर होता. मामांनी कॉम्प्युटर हातगाडीवर घालून तिकडे नेला आणि लाइट जायची वाट पाहत बसले. आमच्याकडे त्यासाठी फार बसावं लागत नाही. लाइट गेली, इन्व्हर्टरवर कॉम्प्युटर सुरू झाला, गेम लावला. पडदा तसाच हलत होता. मामा सरळ आमच्या घरी आले. हातगाडी दाराशीच उभी होती.

"पत्रक थांबवा, भाऊ," ते बाबांना म्हणाले. "लाइटीचा दोष नाही. लाइट नसतानाही हलून राह्यला."

बाबांनी कात्री खाली ठेवली. "लोक पेटले आहेत, मामा. आता कसं थांबवू? आणि लाइटीचे दुसरे दोष काय कमी आहेत?"

"त्याचं दुसरं पत्रक काढा. मीच वाटतो, साऱ्या तालुक्यात. पन याच्यात माह्या पोरीचं नाव हाय, अन् हे खरं नाही."

"लोक पेटले म्हणजे काही तरी खरं असणारच."

"पेटलं म्हून खरं, असं कोठं हाय?" मामा शांतपणे म्हणाले. "कडब्याची गंजीबी पेटते."

मी आशेने बाबांकडे बघत होते, की ते आता काही तरी धारदार बोलतील. त्यांनी वरचं एक पत्रक उचललं, उलटं केलं, कोऱ्या बाजूवर खडूने रेघ मारली आणि ब्लाउजचा कागद कापायला घेतला. पुढचे कित्येक महिने दारव्ह्यातल्या बायांचे ब्लाउज त्या पत्रकावर बेतले जात होते. लोडशेडिंगवर दुसरं पत्रक निघालं, आणि मामांनी शब्द दिल्याप्रमाणे ते बाजारात उभं राहून वाटलं.

पण पडदा अजून हलतच होता. काडी आली ती याच दिवसांत. मामा चुलीपाशी बसून जळणातल्या पऱ्हाटीच्या एका काडीशी चाळा करत होते आणि समोर पडदा चालू होता. पडद्यापुढे त्या एका हलत्या काडीच्या खूप काड्या दिसल्या. गेम बंद करून त्यांनी पुन्हा हलवली, तर काड्या दाट दिसल्या, एकमेकींना चिकटून. गेम लावला की त्या सुट्या सुट्या व्हायच्या, मोजता येतील अशा. मामांनी मला हाक मारली. "काय वं पत्रकवाली, इकडे ये. हे पाय. बाहेर थिर हाय, गेमात शिरलं की हलते. म्हंजे यंत्र बरं हाय. गेमात शिरताना काही तरी बदलते."

कॉम्प्युटरवाल्या पोराला त्यांनी हे सांगितलं तेव्हा तो म्हणाला, "जुना गेम हाय मामा, फेका. गोळीबाराचा नवा टाकून देतो, मस्त."

"तिले गाव वसवाचं हाय. गोळीबार कायले पायजे?" मामा म्हणाले.

मग आम्ही दोघं बसस्टँडजवळच्या इंटरनेटच्या दुकानात गेलो. मला इंग्रजी वाचता यायचं, मामांना काय शोधायचं ते माहीत होतं. "लिही, बाहेर थिर, गेमात हलते," असं ते सांगत आणि मी त्याचं जमेल तसं इंग्रजी करत असे. बऱ्याच फेऱ्यांनंतर एके ठिकाणी कोण्या दूरदेशीच्या माणसाची हीच तक्रार सापडली. त्याखाली आणखी तक्रारी होत्या, वेगवेगळ्या गेमच्या. मी वाचून सांगत गेले तसे मामा खुर्चीत पुढे सरकले. "म्हंजे हे आपल्याच घरी नाही," ते म्हणाले. मिरगीबद्दल डॉक्टरांकडून असंच कळलं होतं तेव्हाही त्यांचा चेहरा असाच झाला होता.

तिथल्याच एका उत्तरात कारण होतं. जुना पेटीसारखा मॉनिटर चित्र दर सेकंदाला पुन्हा पुन्हा काढतो. जितक्या जास्त वेळा काढेल तितका पडदा डोळ्यांना थिर वाटतो. नवी विंडोज जुन्या गेममध्ये शिरताना न विचारता हा वेग सगळ्यात खाली, साठवर आणते. विंडोजच्या आतच एक जागा आहे, तिथे आपला आकडा टाकला की तिला तो पाळावा लागतो. मी जागा कागदावर उतरवून घेतली.

घरी आल्यावर मामांनी उत्साहात असा आकडा टाकला की गेम लावताच पडदा काळाठिक्कर झाला आणि मॉनिटर बारीक शिट्टी वाजवू लागला. मामी दारातून म्हणाल्या, "घ्या. आता पुराच गेला. बरं झालं."

"वजन जास्त पडलं," मामा म्हणाले आणि घाईघाईने यंत्र बंद केलं. दुसऱ्या वेळी त्यांनी आकडा एक पायरी खाली आणला. गेमचा माळ उजळला. मामांनी काडी काढली, हलवली, मान वळवली. काड्या दाट होत्या. त्यांनी काडी माझ्या हातात दिली आणि मलाही हलवायला लावली. मग मामींच्या हातात दिली. मामींनी हलवली नाही, पण परतही केली नाही.

तरी निमाला त्यांनी लगेच बसू दिलं नाही. आधी स्वतः बसले. फाटकावरून आले की बसायचे आणि तिचं गाव चालवायचे. फार वाईट चालवायचे. निमा दारात उभी राहून ओरडायची, कारण दाराच्या आत यायची तिला मनाई होती. "बाबा, विहीर नाही खोदली तुमी. पाहा, चालले लोक सोडून. आवं बाबा, बजार कायले बांधून राह्यले, पानी नाही तिथं." मामा तिकडे न बघता म्हणायचे, "कोठं क्लिक करू मंग?" असं बरेच दिवस चाललं. एका दुपारी अर्धं गाव बोचकी बांधून निघालं तेव्हा निमाला राहवलं नाही. ती आत आली आणि तिने बापाच्या हातातून माउस घेतला.

मामा उठले नाहीत. त्यांनी मामींकडे बघितलं. मामी तांदूळ निवडत होत्या. सूप त्यांच्या हातात तसंच राहिलं. पडद्यावर निमा भराभर विहिरी खोदत होती. मामी उठल्या, खिडकीचा पडदा बाजूला सारला आणि म्हणाल्या, "लाइट लावा मंग. अंधारात नोको. अन् खुर्ची मांगं घे वं पोरी."

पुढच्या आठवड्यात शाळेत मामा गेलेच नाहीत, मामी गेल्या. हेडमास्तरांना डॉक्टरांचा कागद दाखवून त्या म्हणाल्या, "घरी कॉम्पुटरपुढं बसते ती. तं वर्गात बसाले काय होते?" निमा शाळेत परत बसली. थिर पडद्याने मिरगी बरी झाली असं मी लिहिणार नाही, मामांना ते चाललं नसतं. ती गोळ्यांनी आटोक्यात आली, आणि अधूनमधून पुन्हा येऊनही गेली. पण नंतर कोणी तिची सायकल काढून घेतली नाही. मामांनी झगडून मिळवलं होतं ते एवढंच, आणि माझ्या मते ते फार होतं.

मी पुढे लिहायला लागले. अजूनही पेटते, आणि ते सोडायचा माझा विचार नाही. पण काहीही छापायला देण्याआधी मी कागद उलटा ठेवून थोडी थांबते. मामा असताना मी लिहिलेलं त्यांना वाचून दाखवायचे. ते शेवटी एकच विचारत, "लाइट नसताना पाह्यलं का?" मला कळायचं त्यांना काय म्हणायचं आहे, आणि कधी कधी मला पूर्ण लेख फाडावा लागायचा.

मामा गेले ते एका उन्हाळ्यात, थोड्याच दिवसांच्या आजारानंतर. यवतमाळच्या दवाखान्यात त्यांच्या खाटेवरची ट्यूबलाइट फडफडत होती. मी भेटायला गेले तेव्हा ते दवाखान्याच्या अंगरख्यात खिसा शोधत होते. निमाने पर्समधून काडी काढून त्यांच्या बोटांत दिली. उचलण्याइतका जोर नव्हता, म्हणून तिनेच त्यांचा हात धरून हलवली. "हलून राह्यली," ते म्हणाले. "बदलाले सांग. बाजूच्याले झोप नाही येत." कोणी तरी येऊन ट्यूब बदलली. मामांनी डोळे मिटले ते समाधानाने.

गेल्या हंगामात निमा आणि मी मामींच्या लहानशा शेतातला कापूस घेऊन बाजार समितीत गेलो होतो. तिथे आता सुईचा काटा नाही. लाल आकडे आहेत, गाडी चढली की पळत सुटतात. आमची गाडी चढली आणि काट्यावरच्या तरुणाने आकडे पळत असतानाच पेन टेकवलं. मागे रांग मोठी होती, लोक कावले होते. निमा खिडकीपाशी गेली. ज्या मुलीला घरीच ठेवा म्हणत होते ती मुलगी.

"भाऊ," ती म्हणाली, "थिर होऊ द्या."

त्याने वर पाहिलं. मागून कोणी तरी म्हणालं, "ताई, टाइम झाला." निमा जागची हलली नाही. मागे एक म्हातारा हमाल पोत्यावर बसला होता. तो उठून उभा राहिला आणि म्हणाला, "थांब बाप्पा. थिरमामाची पोरगी हाय ते."

तरुणाने पेन उचललं. आकडे पळाले, मागे आले, पुन्हा पुढे गेले. आम्ही सगळे त्यांच्याकडे बघत उभे राहिलो. मग ते थांबले, आणि त्याने लिहिलं.